तेलाच्या पकडीवर चालणारा गिअरबॉक्स

निसान कंपनीने २००९ साली अमेरिकेतल्या आपल्या ग्राहकांसाठी एक घोषणा केली. २००३ ते २०१० या मॉडेल-वर्षांच्या ज्या गाड्यांना सीव्हीटी, म्हणजे टप्प्यांशिवाय अखंड बदलत जाणारा ऑटोमॅटिक गिअरबॉक्स होता, त्यांच्या गिअरबॉक्सची वॉरंटी पाच वर्षं किंवा ६० हजार मैलांवरून दहा वर्षं किंवा १ लाख २० हजार मैलांवर नेली. विकून झालेल्या गाडीची वॉरंटी कोणी उगाच दुप्पट करत नाही. पुढे २०१३ नंतरच्या आल्टिमा, सेंट्रा, रोग या गाड्यांवरून ग्राहक कोर्टात गेले. सामूहिक दाव्यांतल्या तडजोडींनंतर त्यांच्याही सीव्हीटीची वॉरंटी ८४ महिने किंवा ८४ हजार मैल, म्हणजे सुमारे १ लाख ३५ हजार किलोमीटर, इतकी वाढवावी लागली. तक्रारी सगळीकडे जवळपास सारख्याच होत्या: कमी वेगात गाडी थरथरते, ॲक्सिलरेटर दाबला तरी ओढत नाही, इंजिनाचा आवाज चढतो पण वेग वाढत नाही, आणि एखाद्या दिवशी भर रस्त्यात गाडी जीव सोडते. या इतिहासामुळे सीव्हीटी म्हणजे नाजूक, महागात पडणारी वस्तू, असा समज पक्का झाला. भारतातही होंडा सिटी, अमेझ, बलेनो, मायक्रा, मॅग्नाइट, कायगर अशा अनेक गाड्यांतून सीव्हीटी घरोघरी पोचली आहे, आणि सेकंडहँड गाडी घेणारा आज पहिला प्रश्न गिअरबॉक्सचाच विचारतो. हा समज अर्धाच खरा आहे. काही सीव्हीटी मुळातच कच्च्या निघाल्या हे नाकारता येत नाही. पण ज्या पुढे लाखभर किलोमीटरच्या आसपास जातात, त्यातल्या बऱ्याचशा आपण आणि कंपन्यांनी मिळून त्यांच्या तेलाकडे केलेल्या दुर्लक्षापायी जातात, असं मला पुराव्यावरून वाटतं.

हे का, ते समजायला आतली रचना पाहावी लागते. साध्या गिअरबॉक्समध्ये दातेरी चाकं असतात. दातात दात अडकतो आणि इंजिनाची ताकद पुढे जाते. सीव्हीटीच्या गाभ्यात दोन पुल्या आणि त्यांवरून फिरणारा एक पट्टा असतो, आणि त्यांना दात नसतात. प्रत्येक पुली दोन तुकड्यांची. दोन बशा बुडाला बूड लावून उभ्या धरल्या की मध्ये जशी खाच पडते, तशी खाच या दोन तुकड्यांत असते आणि पट्टा तिच्यात बसतो. तुकडे जवळ आले की पट्टा कडेकडे चढतो, लांब गेले की आसाकडे उतरतो. एका पुलीत तो चढला की दुसरीत उतरतो, आणि त्यामुळे इंजिन आपल्या किफायतशीर फेऱ्यांवर ठेवून गाडीचा वेग हवा तसा बदलता येतो. हुब फान डोर्ने या डच माणसाच्या डाफ कंपनीने १९५८ साली ॲमस्टरडॅमच्या मोटार प्रदर्शनात अशी पट्ट्यावर चालणारी छोटी कार दाखवली. तिचे पट्टे रबराचे होते. आपल्याकडे हे तत्त्व आधी दुचाकीतून आलं: पुण्याच्या कायनेटिकने १९८०च्या दशकात होंडाबरोबर आणलेली कायनेटिक होंडा त्यावरच चालायची, आणि आज रस्त्यावरची जवळपास प्रत्येक पेट्रोल स्कूटर त्यावरच चालते. पण स्कूटरचा पट्टा कोरडा असतो, झाकण उघडलं की दिसतो, झिजला की फारसा खर्च न करता बदलता येतो. जास्त ताकदीच्या कारला तेवढा पट्टा पुरत नाही. तिच्यासाठी फान डोर्ने यांनीच पोलादी पट्टा तयार केला, आणि १९८७च्या सुमारास सुबारू जस्टी, फोर्ड फिएस्टा, फियाट युनो अशा गाड्यांतून तो बाजारात आला. सुमारे ४०० पातळ पोलादी चकत्या एकीला एक लागून उभ्या, आणि त्यांना दोन्ही बाजूंच्या खाचांत बसलेल्या कड्यांनी एकत्र धरलेलं. एकेक कडं जेमतेम ०.२ मिलिमीटर जाडीचं, अशी नऊ ते बारा कडी एकात एक बसवलेली. नेहमीचा पट्टा ओढतो, हा ढकलतो. चकती पुढच्या चकतीला रेटते आणि ताकद दुसऱ्या पुलीपर्यंत पोचते.

ही सगळी ताकद पुलीत शिरते कशी? फक्त चकत्यांच्या कडा आणि पुलीचा गुळगुळीत उतार यांच्या घर्षणातून. आणि ते दोन्ही पोलादी पृष्ठभाग तेलाने भिजलेले असतात. इतर यंत्रांत तेलाचं काम घर्षण कमी करणं. इथे त्याच तेलाकडून दोन उलट अपेक्षा असतात: बेअरिंगांना, व्हॉल्व्हना, बाकीच्या गिअरना वंगण द्यायचं, पण पट्टा आणि पुली यांची पकड मात्र सुटू द्यायची नाही. ही पकड फार मोठी नसतेच. घर्षणगुणांक सुमारे ०.१ असतो. म्हणून पुलीचे दोन तुकडे प्रचंड जोराने आवळून धरावे लागतात. हायड्रॉलिक दाब ५०-६० बारपर्यंत जातो. कारच्या टायरमध्ये हवेचा दाब दोन-सव्वादोन बार असतो, त्यावरून कल्पना यावी. हा दाबही तेच तेल पोचवतं, आणि घर्षणातून निघालेली उष्णताही तेच बाहेर वाहून नेतं. म्हणजे दातेरी गिअरबॉक्समध्ये जे काम दातांकडे असतं, ते इथे तेल करतं. मॅन्युअल गाडीचं गिअर ऑइल खराब झालं तर दात हळूहळू झिजतील, आवाज येईल, पण दातात दात अडकायचा थांबणार नाही. सीव्हीटीचं तेल खराब झालं की थेट पकडच जाते. म्हणून ते तेल सीव्हीटीचा एक सुटा भाग समजावा, आणि सगळ्यात लवकर झिजणारा भाग समजावा.

तेल झिजतं म्हणजे काय होतं? गरम असतानाही पातळ होऊ नये म्हणून त्यात लांब साखळ्यांचे रेणू मिसळलेले असतात. पुली आणि पट्ट्याच्या चिमटीत ते पुन्हा पुन्हा चिरडले जातात, तुटतात, आणि तेल पातळ होत जातं. पकड टिकवणारी रसायनं उष्णतेने संपत जातात; दर दहा अंशांनी ऑक्सिडीकरणाचा वेग साधारण दुप्पट होतो, हा रसायनशास्त्रातला ढोबळ नियम इथेही लागू पडतो. पट्टा आणि पुली यांच्यात सूक्ष्म घसरण नेहमीच असते, तिने काही बिघडत नाही. पण पकड कमी झाली, किंवा दाब पुरेसा मिळाला नाही, की एखाद्या क्षणी पट्टा सपशेल घसरतो. घसरला की घर्षण आणखी कमी होतं, उष्णता उसळते आणि क्षणार्धात पुलीच्या आरशासारख्या पृष्ठभागावर ओरखडे उठतात. ओरखड्यांतून निघालेला पोलादाचा चुरा तेलात फिरू लागतो. दाब नियंत्रित करणारे व्हॉल्व्ह अतिशय बारीक फटींत सरकत असतात; चुरा तिथे पोचला की ते अडकतात, फटी रुंदावतात, पुलीला मिळणारा दाब खाली-वर होतो आणि पट्टा पुन्हा घसरतो. एकदा हे चक्र सुरू झालं की ते आपणहून थांबत नाही. गिअरबॉक्सखालचं तेलाचं पॅन काढलं की त्यात बसवलेली लोहचुंबकं दिसतात. त्यांच्यावर काळसर राखाडी, बोटांत चोळली तर लोण्यासारखी मऊ लागणारी भुकटी असेल तर काळजी नाही. ती नेहमीची झीज. बोटाला कण टोचले, चमकणारे पापुद्रे दिसले, तर आत ओरखडे पडले आहेत असं समजावं, आणि मग तेल बदलून फारसं काही साधत नाही.

यावर पहिला आक्षेप ठरलेला असतो: अनेक कंपन्या तर सांगतात की हे तेल आयुष्यभर टिकतं, सर्व्हिस सेंटरही हात लावत नाही, मग गाडी बनवणाऱ्यापेक्षा आपल्याला जास्त कळतं का? याचं उत्तर कंपनीच्याच कागदपत्रांत सापडतं. निसानच्या सीव्हीटीचा संगणक तेलाच्या तापमानावरून त्याच्या ऱ्हासाची एक मोजणी सतत करत असतो. सर्व्हिस सेंटरचं स्कॅनर लावलं की तो आकडा वाचता येतो, आणि मेकॅनिकसाठीच्या पुस्तिकेत स्पष्ट लिहिलेलं असतं की आकडा २,१०,००० च्या पुढे गेला की तेल बदलावं. तेलाला वय नसतं, तर ते मोजायची व्यवस्था गाडीत कशाला ठेवली असती? ट्रेलर ओढणाऱ्या किंवा खडबडीत, धुळीच्या रस्त्यांवर चालणाऱ्या गाड्यांसाठी त्याच कंपनीचं वेळापत्रक वेगळं, जास्त कडक असतं. होंडा आपल्या वेळापत्रकात सीव्हीटीच्या तेलाची बदली सरळ नोंदवते. ‘आयुष्यभर’ हे आयुष्य कोणाचं, हा प्रश्न कंपनीच्या हिशेबात वॉरंटीपाशी संपतो. घरात दहा-बारा वर्षं गाडी वापरणाऱ्याच्या हिशेबात तो तिथून सुरू होतो. देखभालीचा खर्च कमी दिसला तर गाडी विकायला सोपी जाते, हेही विसरू नये. खरं तर तो ऱ्हासाचा आकडा स्कॅनरमागे दडवून ठेवण्याचं काहीच कारण नाही. पेट्रोलचा काटा दाखवता येतो तर हाही डॅशबोर्डवर दाखवता येईल, आणि ग्राहकाने त्याची मागणी करायला हवी.

आपल्याकडचे रस्ते आणि हवा पाहता कडक वेळापत्रकच आपलं समजायला हवं. पुणे-मुंबईच्या गर्दीत गाडी किलोमीटरमागे कितीतरी वेळा थांबते आणि सुटते, आणि थांबलेल्या गाडीला हलवताना पट्ट्यावर सर्वांत जास्त ताण येतो. त्या वेळी पट्टा इंजिनाकडच्या पुलीत अगदी खाली, लहान घेरात असतो. कमी चकत्यांवर पूर्ण जोर पडतो. टोयोटाने २०१८ मध्ये आणलेल्या नव्या सीव्हीटीत गाडी सुटताना पट्ट्याऐवजी चक्क दातेरी गिअर वापरला, त्यामागे हेच ओझं कमी करण्याचा विचार आहे. मे महिन्यात, एसी चालू, पाच माणसं आणि सामान घेऊन बोरघाट किंवा कशेडी चढताना तेलाचं तापमान वाढतं आणि उतरायला वेळ लागतो. नेहमी ८० ते १०० अंश सेल्सिअसच्या दरम्यान काम करणारं तेल फार तापलं तर गाडीचा संगणक स्वसंरक्षणासाठी इंजिनाची ताकदच कमी करतो. घाटात गाडीने अचानक पिकअप सोडला तर बरेच जण आणखी रेस देतात. अशा वेळी बाजूला थांबून, पार्किंगमध्ये टाकून, इंजिन चालू ठेवून गाडी निववणं हाच उपाय. या सगळ्यामुळे ४० ते ५० हजार किलोमीटर, किंवा गाडी कमी चालत असेल तर चार वर्षं, यापलीकडे तेल ओढू नये असं माझं मत आहे. खर्च काही हजारांत भागतो. गिअरबॉक्स गेला तर बहुतेक सर्व्हिस सेंटर उघडून दुरुस्त करत नाहीत, आख्खा बदलायला सांगतात आणि बिल लाखाच्या घरात जातं.

दुसरा आक्षेप जास्त वजनदार आहे. ज्यांनी सगळं वेळेवर केलं त्यांच्याही सीव्हीटी गेल्या, मग दोष मालकाचा कसा? तो नाहीच. निसानच्या त्या गाड्यांपैकी कित्येक तेल बदलायची वेळ येण्याआधीच थरथरू लागल्या होत्या. तेव्हा मेकॅनिकला दिलेल्या सूचना वाचण्यासारख्या आहेत: गिअरबॉक्सच्या आत बारीक कॅमेरा घालून पट्ट्याचा पृष्ठभाग पाहा, ओरखडे नसतील तर दाब नियंत्रित करणारी व्हॉल्व्ह बॉडी बदला, असतील तर गिअरबॉक्सच बदला. म्हणजे गडबड दाबाच्या नियंत्रणात असू शकते आणि पट्टा तिचा बळी, हे कंपनीने मानलेलं होतं. होंडाने २०१५ साली अमेरिकेत सिव्हिक आणि फिट मिळून सुमारे १ लाख ४३ हजार गाड्या परत बोलावल्या, त्या सीव्हीटीचं सॉफ्टवेअर बदलायला. जुन्या सॉफ्टवेअरमुळे पुलीचा दांडा खराब होऊन तुटण्याची शक्यता होती. भारतातही होंडा सिटीच्या सीव्हीटी गाड्या सॉफ्टवेअरसाठी बोलावल्या गेल्या. दाब जास्त ठेवला तर पंप इंजिनाची ताकद खातो आणि मायलेज पडतं. कमी ठेवला तर पट्टा घसरण्याचा धोका. मायलेजच्या स्पर्धेत कंपन्या जादा दाबाची ही मोकळीक कमी करत गेल्या, आणि जितकी ती कमी तितकं तेलाचं चोख असणं महत्त्वाचं, कारण तेल थोडं जरी उतरलं तरी सावरायला जागा उरत नाही. त्यामुळे डिझाइनमधला दोष आणि तेलाची हेळसांड या वेगळ्या गोष्टी मानता येत नाहीत. एकीची कमतरता दुसरी उघडी पाडते. मालकाच्या हातात इतकं निश्चित आहे की सर्व्हिसला गाडी दिली की गिअरबॉक्सच्या सॉफ्टवेअरची नवी आवृत्ती आली आहे का हे विचारावं, रिकॉल आहे का ते पाहावं आणि तेल बदलल्याची बिलं जपून ठेवावीत. मोटार वाहन कायद्यातल्या २०१९ च्या दुरुस्तीने, कलम ११०अ खाली, चालकाला, प्रवाशांना किंवा रस्त्यावरच्या इतरांना धोका होईल असा दोष असलेल्या गाड्या परत बोलावण्याचा आदेश देण्याचा अधिकार केंद्र सरकारला मिळाला आहे. एक्सप्रेसवेवर मधल्या लेनमध्ये गाडीची ओढ जाणं हा असाच धोका आहे, आणि तक्रारी नोंदवल्या गेल्या तरच तो सरकारला दिसेल.

गॅरेजमध्ये आणखी एक गोष्ट हमखास ऐकायला मिळते: जुन्या सीव्हीटीचं तेल बदललं की ती महिन्याभरात बसते, तेव्हा हात लावू नका. यात तथ्य आहे, पण कारण उलटं लावलं जातं. लोक तेल बदलायला नेतात तेच मुळी गाडी थरथरायला लागल्यावर. तोवर अनेकदा पुलीवर ओरखडे पडलेले असतात. तेल बदललं नसतं तरी गिअरबॉक्स गेलाच असता. दुसरं म्हणजे मशीन लावून जोराने केलेलं फ्लशिंग: तळाशी बसलेला चुरा उठून व्हॉल्व्ह बॉडीत जातो. साधी पद्धत बरी. खालचा बोल्ट काढून जेवढं निघेल तेवढं काढायचं (साधारण निम्मंच निघतं), तेवढंच नवीन भरायचं, आणि काही हजार किलोमीटरनंतर पुन्हा एकदा तसंच करायचं. पॅन काढलंच तर चुंबकं पुसायची आणि फिल्टर बदलायचा. काही मॉडेलांत जाळीच्या फिल्टरखेरीज कागदाचा एक वेगळा फिल्टर असतो आणि तो बहुतेकदा विसरला जातो. तेल कंपनीने सांगितलेल्या क्रमांकाचंच हवं, निसानला एनएस-३ तर होंडाला एचसीएफ-२, कारण पकड टिकवणारी रसायनं प्रत्येकाची वेगळी असतात. साधं एटीएफ, म्हणजे नेहमीच्या ऑटोमॅटिक गिअरबॉक्सचं तेल, चुकूनही नको. तेलाची पातळी मोजण्याचीही रीत आहे. काही गिअरबॉक्समध्ये डिपस्टिक नसते. तेल ३५ ते ४५ अंशांवर असताना, इंजिन चालू ठेवून, ओव्हरफ्लोच्या छिद्रातून ते बारीक थेंबा-थेंबाने पडू लागेल तेव्हा पातळी बरोबर. अंदाजाने भरलेलं जास्त तेल फेसाळतं, आणि फेसातून दाब तयार होत नाही. २००३च्या होंडा सिटीत गाडी सुटताना येणारी थरथर अनेकदा नुसत्या तेलबदलाने जायची. वेळेत केलं तर फरक पडतो, याचं हे जुनं उदाहरण.

चालवण्याच्या सवयींबद्दल थोडक्यात. चढावर थांबताना ॲक्सिलरेटरवर गाडी तोलून धरू नये, ब्रेक दाबावा. गाडी मागे घरंगळत असताना डी टाकू नये, पूर्ण थांबू द्यावी. चिखलात चाक गरगर फिरत असताना रेस देत राहिलो आणि चाकाला एकदम पकड मिळाली, तर तो झटका थेट पट्ट्यावर येतो. घाट उतरताना एल किंवा एस वापरावं. बंद पडलेली गाडी पुढची चाकं जमिनीवर ठेवून ओढू नये: इंजिन बंद म्हणजे तेलाचा पंप बंद, आणि आतले भाग कोरडे फिरतात. फ्लॅटबेड मागवावी. पावसाळ्यात साचलेल्या पाण्यातून गाडी गेली, की गिअरबॉक्सच्या हवेच्या नळीतून पाणी आत शिरू शकतं. मुंबईत राहणाऱ्यांना हे सांगायला नको. तेल दुधाळ दिसलं तर गाडी सुरूच करू नये.

मग सीव्हीटी घ्यावीच कशाला, टॉर्क कन्व्हर्टरचा नेहमीचा ऑटोमॅटिक किंवा एएमटी, म्हणजे क्लच-गिअर आपोआप बदलणारा मॅन्युअल गिअरबॉक्स, का नको, असा प्रश्न उरतो. मारुतीने २०१५च्या बलेनोत सीव्हीटी दिली आणि २०२२च्या नव्या बलेनोत एएमटी आणली, म्हणजे बाजारानेही पर्याय शोधले. पण शहरातल्या थांबत्या-चालत्या गर्दीत सीव्हीटीइतकी गुळगुळीत चालणारी आणि मायलेजही राखणारी व्यवस्था या किमतीत दुसरी नाही, असं मला वाटतं. रोज दोन तास गर्दीत घालवणाऱ्याच्या गुडघ्याला त्याची किंमत कळते. टोयोटाच्या हायब्रिड गाड्यांतली ‘ई-सीव्हीटी’ ही वेगळीच गोष्ट आहे. तिच्यात पट्टा नसतो, दातेरी चाकं आणि मोटर मिळून काम करतात, म्हणून इथलं काही तिला लागू नाही. पट्ट्याची सीव्हीटी असलेली सेकंडहँड गाडी घेताना मात्र जरा वेळ काढावा. ॲक्सिलरेटर जोरात दाबल्यावर आधी आवाज चढणं आणि मागून वेग येणं हा तिचा स्वभाव आहे, दोष नाही. गाडी २० ते ६० च्या वेगात हलक्या पायाने चालवून पाहावी: सीटमध्ये खडबडीत रस्त्यासारखी थरथर जाणवते का, सपाट रस्त्यावर पाय स्थिर असताना आरपीएमचा काटा मध्येच उडी घेतो का, वेगाबरोबर चढत जाणारी बेअरिंगची शीळ येते का. हे सगळं गाडी तापल्यावर, निदान अर्धा तास चालवून पाहावं, कारण थंड तेलात बरेच दोष झाकले जातात. आणि विकणाऱ्याकडे तेल बदलल्याचं बिल मागावं. ५० हजारांच्या पुढे गेलेल्या गाडीचं ते नसेल, तर दोनदा तेल बदलण्याचा आणि स्कॅनिंगचा खर्च किमतीतून वजा करूनच बोलणी सुरू करावी.